शेवटचा थेंब

दिवाळी तोंडावर आली, की पुण्या-मुंबईच्या मित्रांचे फोन सुरू होतात. ‘यंदा तरी इकडे ये. फराळ तयार आहे, दिवाळी अंक आणून ठेवलेत, पहाटे गाण्याची बैठक आहे.’ मी दरवर्षी ‘येतो, येतो’ म्हणतो आणि जात नाही. खरे कारण सांगितले, तर ते हसतील. दिवाळीच्या आगेमागे मला वडीगोद्रीच्या रस्त्याकडेला उभे राहून गाड्या पाहायच्या असतात. लहान मुलांना आगगाडीचे वेड असते. मला हे वेड चाळिशी उलटल्यावर लागले आहे.

वडीगोद्री हे गाव तुम्ही पाहिले नसेल. पण त्यातून गेला असाल, असा संभव आहे. जालना-अंबडकडून आलेला रस्ता येथे धुळे-सोलापूर महामार्गाला मिळतो. छत्रपती संभाजीनगरहून बीडकडे निघालेली एस. टी. येथे क्षणभर टेकते, उतारू चहा पितात आणि गावाचे नावही न विचारता पुढे जातात. थोडे पुढे शहागडला गोदावरी ओलांडली, की बीड जिल्हा लागतो. गाव असे वाटेवरचे असल्यामुळे येथे थांबणाऱ्यांपेक्षा जाणारेच अधिक. मी मात्र जवळच्या एका महाविद्यालयात मराठी शिकवायला म्हणून आलो आणि येथलाच झालो.

तर त्या गाड्या. दसरा-दिवाळीच्या सुमारास या रस्त्याने ऊसतोड करणाऱ्यांच्या टोळ्या साखर कारखान्यांकडे निघतात. ट्रॅक्टरमागे दोन-दोन ट्रॉल्या जोडलेल्या. त्यांत कोपी उभारायचे बांबू आणि तट्टे, पत्र्याच्या पेट्या, बाजरीची पोती, हंडे, कळशा, कोंबड्यांचे खुराडे, एखादी शेळी. आणि या साऱ्या पसाऱ्याच्या वर, जणू सिंहासनावर बसावी तशी बसलेली एक म्हातारी. तिच्या मांडीवर झोपलेले मूल. ज्या दिवसांत सारे जग घरी यायला निघते, त्या दिवसांत ही माणसे घराला कुलूप लावून निघतात. जोडप्याने मिळून काम करायचे असते, म्हणून त्या जोडप्यालाच ‘एक कोयता’ म्हणतात. वर्गात लक्षणा शिकवताना मी हा दाखला देतो. एकदा एक मुलगा मागच्या बाकावरून म्हणाला, ‘सर, माझे आई-वडील म्हणजे एक कोयता.’ तेव्हापासून तो दाखला देताना मी जरा सावकाश देतो.

या गाड्या पाहताना मला नेहमी वाटायचे, की हे चित्र आपण पूर्वी कोठेतरी पाहिले आहे. एके दिवशी एकदम आठवले. पाहिले होते खरे. पण ते अमेरिकेतले होते आणि मुके होते.

त्याचे असे झाले. बऱ्याच वर्षांपूर्वी मी एका उन्हाळ्यात पुण्याला चित्रपट-रसास्वादाचा महिनाभराचा अभ्यासक्रम केला. फिल्म इन्स्टिट्यूट आणि राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय मिळून तो घेत असत. अभ्यासाची ओढ होती म्हणून गेलो, असे सांगायला हरकत नाही. पण मे महिन्यात मराठवाड्याबाहेर पडायला मिळते, हा मोहही लहान नव्हता. परत येताना बरोबर एक दुखणे घेऊन आलो : मूकपटांचे. त्यातही अगदी आरंभीच्या काळातल्या, दहा-पंधरा मिनिटांत संपणाऱ्या, अमेरिकेच्या पश्चिम सरहद्दीवरच्या छोट्या चित्रपटांचे. रात्री जेवणे झाली, की मी संगणकासमोर ते लावून बसू लागलो. आमच्या घरातून त्यावर जो शेरा आला, तो सार्थच होता : ‘अहो, घरात बोलणारं माणूस आहे. त्याच्याकडे कधी बघणार?’

या चित्रपटांचा मूळपुरुष म्हणजे एडविन पोर्टरचा १९०३ सालचा ‘द ग्रेट ट्रेन रॉबरी’. बारा मिनिटांत दरोडा, पाठलाग, गोळीबार आणि न्याय, सगळे उरकते. गंमत अशी, की रानटी पश्चिमेची ही कथा पूर्व किनाऱ्यावर, न्यू जर्सीत चित्रित झाली. त्या चित्रपटात लहानसहान कामे करणारा अँडरसन नावाचा माणूस पुढे ‘ब्राँको बिली’ या नावाने अमेरिकेतला पहिला काउबॉय नायक झाला आणि त्याने असे शेकड्यांनी छोटे चित्रपट काढले. पण माझे मन रमले ते डी. डब्ल्यू. ग्रिफिथच्या बायोग्राफ कंपनीच्या चित्रपटांत. हा माणूस १९१० पासून हिवाळ्यात आपली मंडळी घेऊन न्यूयॉर्कहून कॅलिफोर्नियाला जाई आणि तिथल्या खऱ्या उन्हात, खऱ्या धुळीत चित्रण करी. त्याच्या चित्रपटांतून छपराच्या गाड्यांचे तांडे चाललेले असतात. गाड्यांत भांडीकुंडी, म्हातारी माणसे, लेकरे. वाटेत तहान असते, ताप असतो, हल्ले असतात.

असे चित्रपट तेव्हाच का निघाले? अमेरिकेच्या १८९० च्या जनगणनेनंतर सरकारने जाहीर करून टाकले, की आता वस्तीची सलग अशी सरहद्द देशात उरली नाही. म्हणजे ते कष्ट संपले होते. मग वीस वर्षांनी शहरांतल्या पाच-पाच सेंटांच्या चित्रगृहांत बसून गिरणीतले मजूर आणि दुकानातले कारकून ते कष्ट पडद्यावर पाहू लागले. दुःख मागे पडले, की त्याचे चित्र काढता येते. ते अंगावर असताना त्याची फक्त गाठोडी बांधायची असतात.

आपल्याकडे असे काही नव्हते काय? होते. कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने १९२५ साली ‘सावकारी पाश’ काढला. कथा नारायण हरी आपट्यांची, दिग्दर्शन बाबूराव पेंटरांचे आणि त्यातला तरुण शेतकरी व्ही. शांतारामांचा. सावकाराच्या फासात जमीन जाते आणि शेतकरी गाव सोडून शहरात गिरणीकामगार होतो. देवादिकांच्या आणि राजेरजवाड्यांच्या चित्रपटांच्या गर्दीत ही एका साध्या कुणब्याची गोष्ट. जाणकार अजून तिच्याविषयी बोलतात. एका काळोख्या झोपडीचे आणि भुंकणाऱ्या कुत्र्याचे त्यातले दृश्य तर दंतकथाच झाले आहे. मला गावात दाखवायचा होता तो हा चित्रपट. उचल घेऊन ऊस तोडायला जाणाऱ्यांना, फिटली नाही तर पुढच्या हंगामाच्या माथी बसणाऱ्या त्या उचलीची ही जुनी बहीण दाखवावी, असे मनात होते. पण दाखवणार कशी? तो मूकपट आज उरलेला नाही. आपले मूकपट हजारावर निघाले आणि त्यांतले हाताशी राहिले ते अगदी थोडे. त्या काळची फिल्म झटकन पेट घेणारी. काही जळल्या, काही कुजल्या, काही चांदी काढून घेण्यासाठी विकल्या गेल्या. अमेरिकेतही हानी झालीच. पण तिथे आरंभीच्या काळी मालकीहक्क नोंदवण्यासाठी चित्रपटाच्या चौकटी कागदाच्या लांब पट्ट्यांवर छापून सरकारी ग्रंथालयात जमा करीत. ते कागद टिकले आणि कागदांवरून पुन्हा चित्रपट उभे करता आले. कारकुनी पद्धतीने कलेवर केलेला एवढा मोठा उपकार मला दुसरा ठाऊक नाही.

तर आपला चित्रपट मिळेना म्हणून मी परका लावायचे ठरवले. गेल्या वर्षी टोळ्या निघायच्या दोन दिवस आधीची गोष्ट. महाविद्यालयातून प्रोजेक्टर मागून आणला. लग्नात अहेर आलेली एक पांढरी चादर होती. ती इतकी वर्षे पाहुण्यांसाठी राखून ठेवलेली होती आणि तिच्या योग्यतेचा पाहुणा काही आला नव्हता. ती अंगणातल्या दोरीवर ताणून बांधली. यंत्र चालवायचे काम मुलीकडे दिले. ती आता सातवीत आहे आणि असल्या बाबतीत बापाला हात लावू देत नाही. अंगणात गल्लीतली पोरे जमली, माझे दोन-चार विद्यार्थी आले आणि शेजारच्या मावशी आल्या.

मावशींचे पत्र्याचे घर आमच्या भिंतीला भिंत लावून आहे. आयुष्यातले निम्मे हंगाम त्यांनी उसाच्या फडात काढले. आता कोयता चालवायचे वय राहिले नाही. पण मुलगा आणि सून फडात असताना कोपीवर नातवंडे सांभाळायला त्या अजूनही जातात. ट्रॉलीच्या शिखरावर बसणारी ती म्हातारी म्हणजे आमच्या मावशीच.

मूकपटाच्या दिवसांत पडद्याशेजारी उभा राहून गोष्ट समजावून सांगणारा एक माणूस असे. ते काम मी स्वतःकडे घेतले. प्राध्यापकाला बोलायला तास मिळाला, तर तो सोडत नाही. आधी ‘ट्रेन रॉबरी’ लावला. त्याच्या शेवटी दरोडेखोर सरळ प्रेक्षकांकडे पाहून पिस्तूल झाडतो. एकशेवीस वर्षांपूर्वी अमेरिकेत लोक दचकत असत म्हणे. आमच्या अंगणात कोणी दचकले नाही. पुढे बसलेल्या एका पोराने खिशातून टिकल्यांचे पिस्तूल काढून उलट चार बार केले आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

मग दुसरा लावला : ग्रिफिथचा १९११ सालचा ‘द लास्ट ड्रॉप ऑफ वॉटर’. नावाचा अर्थ मी सांगितला, ‘पाण्याचा शेवटचा थेंब’. तेव्हा मागून कोणीतरी म्हणाले, ‘हा आपल्याकडचाच दिसतो.’

मी सांगू लागलो. ‘एका मुलीला दोघांनी मागणी घातली. तिने एकाशी लग्न केले. तो दारूडा निघाला. आता तिघेही गाड्यांच्या एकाच तांड्यातून पश्चिमेकडे निघालेत, नवी जमीन मिळेल म्हणून. अमेरिकेतली गोष्ट आहे ही.’

‘अमेरिका म्हंजे ते मिलोवाले?’ मावशींनी विचारले.

मला क्षणभर काही उमगले नाही. मग लक्षात आले. १९७२ च्या दुष्काळात रेशनवर अमेरिकेची तांबडी ज्वारी आली होती, तिला ‘मिलो’ म्हणत. मावशी तेव्हा आठ-नऊ वर्षांच्या. आईबरोबर दुष्काळी कामावर जायच्या. ‘भाकर थापाय गेलं की फुटायची. पर पोटात जायची,’ त्या म्हणाल्या. मी म्हणालो, ‘मावशी, ही माणसे ज्या माळरानाकडे निघालीत ना, तसल्याच रानात ती मिलो पिकते.’ मावशींनी पडद्यावरच्या माणसांकडे जरा ओळखीच्या नजरेने पाहिले. एवढा मोठा संबंध मला सबंध अभ्यासक्रमात कोणी सांगितला नव्हता.

गाड्यांचा तांडा वाळवंटात शिरला. मला त्या दृश्याची मोठी हौस. क्षितिजापासून धूळ उडवीत येणारी गाड्यांची ती रांग पाहिली, की मला गहिवरून येते. मी त्या रचनेविषयी काहीतरी बोलणार, तोच मावशी म्हणाल्या, ‘सर, पानी कोन्या गाडीत ठिवलंय वो?’

मी पाहिले. हा चित्रपट मी वीस वेळा तरी पाहिला असेन. पण पाण्याचे पिंप कोणत्या गाडीला बांधले आहे, हे मला सांगता येईना.

‘अन् लुगडी बगा त्येंची, पांढरीफेक. एवढी वाट चालून आल्यावर? ह्ये काल निगाले असतील.’ पोरे हसली. मावशी हसल्या नाहीत. त्या हिशेब करीत होत्या. ‘म्हातारी मानसं पुढल्या गाडीत बसवाय पायजे. मागं लई धूळ खातेत.’

मग हल्ला झाला. गाड्यांचा गोल झाला, बंदुका उडू लागल्या. माझा एक विद्यार्थी, तोच तो ‘एक कोयता’ म्हणणाऱ्याचा धाकटा भाऊ, हळूच म्हणाला, ‘सर, ते पिसं लावलेले लोक कोण?’

‘तिथले मूळ रहिवासी. आपण त्यांना उगीचच रेड इंडियन म्हणत आलो.’

‘म्हणजे रान त्यांचंच?’

‘त्यांचंच.’

‘मग ते दरोडेखोर कसे?’

या प्रश्नाला ग्रिफिथकडे उत्तर नाही. त्या काळच्या बहुतेक चित्रपटांत गाडीतल्या माणसाची तहान दिसते आणि घोड्यावरच्या माणसाचे फक्त पिसे लावलेले डोके दिसते. मी त्याला १९१२ सालच्या ‘द इनव्हेडर्स’ या चित्रपटाची गोष्ट सांगितली. त्यात सू जमातीशी झालेला करार मोडून रेल्वेचे मोजणीवाले तिच्या मुलखात शिरतात आणि तेथून लढाई पेटते. ‘विशेष म्हणजे,’ मी म्हणालो, ‘त्यात सू लोकांची बरीच कामे त्या जमातीच्या खऱ्या माणसांनी केली आहेत.’

तो थोडा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, ‘म्हणजे रोजानं लावले त्यांना? स्वतःलाच हरायला?’

पीएच्.डी.च्या मौखिक परीक्षेतसुद्धा मला असा प्रश्न कोणी विचारल्याचे स्मरत नाही.

इकडे पडद्यावर पाणी संपत आले होते. माणसे पाणी शोधायला बाहेर पडली. वाळूत एक जण कोसळला, तो तिच्यावर लोभ असलेला आणि लग्नात नाकारला गेलेला. आणि त्याच्याजवळ येऊन पोचला तो दारूडा नवरा. त्याच्या जवळच्या बाटलीत तळाशी थोडे पाणी आहे. तो ती बाटली हलवून पाहतो.

येथे मी गप्प झालो.

पुढे काय होते, ते मला पाठ आहे. तो दारूडा, ज्याच्याकडून कोणाचीच अपेक्षा नाही असा तो माणूस, ते पाणी दुसऱ्याच्या तोंडात घालतो आणि आपण मरतो. एवढे एक वाक्य मला बोलायचे होते. पण माझ्या तोंडून शब्द फुटेना. मुलीने वळून पाहिले. तिला वाटले, यंत्र बिघडले. यंत्र ठीक होते. बिघाड सांगणाऱ्यात होता.

वाचकहो, आता जे सांगतो, ते या बारा वर्षांत मी कोणाला सांगितले नव्हते.

२०१३ चा मे महिना. आधीच्या वर्षी पावसाने पाठ फिरवली होती. नाथसागर मृतसाठ्यावर आला होता. ज्या धरणाची कोनशिला १९६५ साली लालबहादूर शास्त्रींनी बसवली आणि ज्याच्या डाव्या कालव्यावर आमच्या भागातल्या शेतकऱ्यांनी मोसंबीच्या बागा लावल्या, त्या धरणाच्या तळाची माती दिसत होती. जालना जिल्ह्यातल्या बागा उभ्या वाळल्या. दहा-दहा वर्षे पोटच्या पोरासारखी वाढवलेली झाडे माणसांनी स्वतःच्या हाताने तोडून सरपणाला विकली. गावात पाणी टँकरने यायचे, आणि टँकर यायचा तेव्हा खरा. आमची मुलगी आठ महिन्यांची होती. मी कोठूनतरी दोनशे लिटरचा निळा ड्रम पैदा करून न्हाणीघरात ठेवला होता आणि मिळेल तसे पाणी त्यात साठवीत होतो. रात्री उठून झाकण उघडून मी त्यात बॅटरीचा उजेड टाकून पाहत असे. कंजुष माणूस रात्री पैसे मोजतो म्हणतात. त्या उन्हाळ्यात मला त्याचे मन कळले.

एका संध्याकाळी मावशी कळशी घेऊन दारात आल्या. ‘सर, तेवढी एक कळशी द्या. नातवाला ताप हाय, आंग पुसायचंय. टँकर आला की भरून देते.’

ड्रम निम्मा भरलेला होता.

मी म्हणालो, ‘मावशी, आमचंच संपलंय बघा. तांब्याभर राहिलंय, ते बाळासाठी आहे.’

मराठीचा प्राध्यापक असल्याने वाक्य सफाईदार झाले. त्यात बाळ आले, करुणरसही आला. मावशी ‘असू द्या, असू द्या’ म्हणाल्या आणि दुसऱ्या दारी गेल्या. आत पत्नी उभी होती. ती काही बोलली नाही. मीही बोललो नाही. असे म्हणता येईल, की आमच्या घरातही त्या रात्री एक मूकपट झाला.

तिसऱ्या दिवशी टँकर आला तो भर दुपारी. मी परीक्षेच्या कामावर होतो. मुलीला बरे नव्हते, म्हणून पत्नीला बाहेर पडता येईना. संध्याकाळी घरी आलो, तर दारात दोन हंडे भरून ठेवलेले, वर ताटल्या झाकलेल्या. ‘मावशींनी आणून ठेवले,’ पत्नी म्हणाली. ‘त्या गर्दीत आधी आपले भरले, मग त्यांचे.’ मी तांब्या बुडवला आणि पाणी प्यालो. उन्हातून आलो होतो; पाणी फार गोड लागले. ती गोडी मी अजून विसरलो नाही आणि तिचा कधी आनंदही झाला नाही.

नातू बरा झाला. पाऊस आला. नाथसागर पुढे भरला, पुन्हा आटला, पुन्हा भरला. २०१६ साली लातूरला आगगाडीने पाणी न्यावे लागले, तेव्हा मी त्यावर वर्गात हळवे व्याख्यान दिले. मदतनिधीला पैसेही दिले. पण भिंतीपलीकडच्या माणसाला एक वाक्य सांगायचे राहिले ते राहिलेच. रोजचे बोलणे-चालणे होते; वाटीतून कालवण जात होते, येत होते; आणि तेवढा एक विषय टाळून मी मावशींशी सगळ्या जगाविषयी बोलत होतो.

चित्रपट संपला. पोरे पांगली. विद्यार्थ्यांनी चादर सोडून घडी घातली. मावशी ओट्यावर चहा पीत बसल्या होत्या. मी जवळ जाऊन बसलो आणि एकदाचे सांगून टाकले. ‘मावशी, त्या वर्षी तुम्ही कळशीभर पाणी मागायला आला होता. मी नाही म्हणालो. पाणी होते.’

मावशींनी बशीतला चहा संपवला. मग म्हणाल्या, ‘म्हाईत हाय की.’

‘माहीत होते?’

‘भिंतीला भिंत हाय आपली. ड्रमाचं झाकन रातीचं वाजायचं. रिकाम्या ड्रमाचं झाकन कोन उघडून बगतंय?’

मला काय बोलावे, ते सुचेना. शेवटी विचारले, ‘मग आमचे हंडे काहून भरले?’

त्यांना हा प्रश्नच विचित्र वाटला असावा. प्रोजेक्टरची वायर गुंडाळणाऱ्या माझ्या मुलीकडे बोट करून त्या म्हणाल्या, ‘ही बाई तवा एवढीशी व्हती. हिनं काय केलं व्हतं?’

क्षमा केली, असे काही त्या म्हणाल्या नाहीत. राग होता, असेही म्हणाल्या नाहीत. राग आला असेल. ती तीन दिवसांतली गोष्ट त्यांची त्यांना ठाऊक. मी सुटल्यासारखे वाटून घ्यायच्या बेतात होतो. पण तेवढी सवलत त्यांनी मला दिली नाही. त्या पुढे म्हणाल्या, ‘फडात असंच असतंय, सर. कोनी देतं, कोनी झाकून ठिवतं. ज्यानं आज झाकलं, त्यो उद्या देतो. मानूस एकच असतंय.’

एवढे बोलून त्यांनी कप खाली ठेवला आणि विषय संपवला. माझ्या डोक्यात मात्र तो दारूडा घोळत राहिला. तो शेवटी पाणी देतो, म्हणून आपण त्याला थोर म्हणतो. आदल्या दिवशी त्याने काय झाकून ठेवले होते, ते ग्रिफिथने दाखवले नाही. पंधरा मिनिटांत ते मावणारही नव्हते. शहरातल्या चित्रगृहात बसलेल्या माणसाला शेवटच्या थेंबाचे मोल कळते. पण त्याआधीच्या कळशीचा हिशेब ज्याला रोज करावा लागतो, तो पडद्यावर आधी पिंप शोधतो. मी वीस वेळा चित्रपट पाहून धुळीच्या सौंदर्याने गहिवरलो होतो, आणि एकदाच पाहून मावशींनी विचारले होते, की पाणी कोणत्या गाडीत आहे. अमेरिकेच्या सरकारने सरहद्द संपल्याचे १८९० नंतर जाहीर केले. आमची सरहद्द माझ्या न्हाणीघराच्या भिंतीपासून सुरू होते. ती संपल्याचे कोणी जाहीर केलेले नाही.

उठताना मावशी म्हणाल्या, ‘पुढल्या बारीला हसायचं काई लावा, सर. रडायचं आमच्याकडं ढीगभर हाय.’

मी कबूल केले. हसायचे म्हणजे चॅप्लिन, हे ओघानेच आले. त्याचा ‘द गोल्ड रश’ मी काढून ठेवला. तोही सरहद्दीवरचाच, सोन्याच्या शोधात बर्फात अडकलेल्या माणसांचा आणि साल १९२५, म्हणजे आपल्या ‘सावकारी पाश’चेच. भुकेने व्याकूळ झालेला चॅप्लिन त्यात स्वतःचा बूट शिजवून काट्याचमच्याने मोठ्या ऐटीत खातो. पाडव्याच्या पुढेमागे टोळी परत आली, तेव्हा आमच्या अंगणात तो दाखवला. मावशी डोळ्याला पदर लावून हसल्या. मग म्हणाल्या, ‘बूट मऊ व्हायला पानी किती लागलं आसंल?’

यंदाची टोळी गेल्या आठवड्यात गेली. पहाटे ट्रॅक्टर दारात आला, पेट्या चढल्या, हंडे चढले. या वेळी मी नीट पाहिले : पाण्याचे पिंप पुढच्या ट्रॉलीत, मुलांच्या हाताला येईल असे बांधलेले होते. मावशी आपल्या जागेवर जाऊन बसल्या. निघताना त्यांनी घराची किल्ली आमच्याकडे दिली आणि वरून ओरडून सांगितले, ‘सर, तुळशीला तेवढं पानी घालत जा. इसरू नका.’

विसरत नाही. रोज सकाळी आधी त्यांच्या तुळशीला घालतो, मग आमच्या.